होडीवरची चाल

बोंबलाच्या वासानं नाक दाबणाऱ्या माणसांचा मला राग येतो, आणि हा राग दरवर्षी ठरलेल्या हंगामात येतो. पाऊस सरतो, आभाळ स्वच्छ होतं, ऊन पाठीला चावायला लागतं आणि भाईंदरजवळच्या चौक गावाच्या किनाऱ्यावर वलांड्या उभ्या राहतात. बांबू रोवायचे, त्यांच्यावर एकाखाली एक दोऱ्या ताणायच्या, की झाली वलांडी. मग बायका टोपल्यांतून ओले बोंबील आणतात, दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवतात आणि ती जोडी दोरीवर टाकतात. एक इकडे लोंबतो, एक तिकडे. वारा आला की अख्खा किनारा झुलतो. लांबून पाहिलं तर कुणी चांदीच्या झालरी बांधल्यात असं वाटावं. जवळ गेलं की वास. आधी ओला, खारट, अंगावर येणारा. मग उन्हानं हळूहळू कडक होत जाणारा. ज्याला सोसत नाही त्यानं येऊ नये. पण येतात. सुट्टीच्या दिवशी गाड्या घेऊन येतात, समुद्राकडे पाठ करून फोटो काढतात आणि वर म्हणतात, "यार, यहाँ कोई सफाई नहीं करता क्या?"

परवा भाईंदर स्टेशनवरून चौकच्या बसमध्ये बसले होते. चढ संपून खाडीचा वारा आत आला, त्याबरोबर तो वास आला आणि पुढच्या सीटवरच्या मुलीनं खिडकी खाडकन ओढून घेतली. हंगाम सुरू झाला म्हणायचा. त्याच वेळी माझा फोन वाजला. इंद्रलोकमधल्या आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर कुणीतरी पुन्हा ती चित्रफीत टाकली होती. दरवर्षी याच सुमाराला ती कुठून तरी वर येते. खाली डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग. वर मथळा: असली नशा. एक म्हातारा कोट घालून माइकसमोर उभा आहे. तो झुलतो, माइकचा दांडा धरतो, सरळ होतो, परत झुलतो. मागे लोक हसतायत, शिट्ट्या मारतायत.

तो म्हातारा म्हणजे बस्त्यावबाबा. चौकचे कोळी, धर्मानं कॅथलिक, आणि जुन्या हिंदी सिनेमातले दारुडे. नाव कुणाला आठवणार नाही. चेहरा दाखवला की माझ्या आजोबांच्या वयाची माणसं म्हणतील, "अरे, हा तो! खांबाला सलाम करणारा!"

मी पत्रकं लिहिते. विसाव्या वर्षापासून तेच करतेय. पत्रकात पहिल्या ओळीत अन्याय सांगायचा, शेवटच्या ओळीत मागणी, आणि मधे कुणाला श्वास घेऊ द्यायचा नाही. ती चित्रफीत निघाली तो हंगाम मात्र मला कधी पत्रकात मावला नाही. तीनचारदा लिहायला बसले, दरवेळी मागणीपाशी अडले. कारण मागायचं काय आणि कुणाकडे?

त्या वर्षी पाऊस संपता संपता बातमी आली होती की चौकचं खळं जाणार. खळं म्हणजे मासळी सुकवायची मोकळी जागा, जिथे पिढ्यान्‌पिढ्या वलांड्या उभ्या राहतात. कागदावर ती पडीक जमीन होती. तिथे फरसबंदी होणार होती, शोभेचे दिवे लागणार होते आणि समुद्र बघायला बाकडी येणार होती. सुशोभीकरण! या शब्दाइतका निर्लज्ज शब्द मराठीत दुसरा नाही. जिथे बायका दिवसभर उन्हात उभ्या राहून वर्षभराची चूल चालवतात, ती जागा कुरूप. आणि जिथे कुणी दहा मिनिटं बसून शेंगदाण्याचा कागद टाकून जाणार, ती सुंदर. आमची चारपाच जणांची समिती पत्रकं घेऊन घरोघर फिरत होती. असंच फिरताना एका कौलारू घराच्या ओट्यावर एक उंच, वाळका म्हातारा भेटला. त्यांनी पत्रक डोळ्यांपासून लांब धरून सगळं वाचलं. सावकाश. मग परत दिलं.

"चांगलं हाय. पण शब्द लय हायत," ते म्हणाले.

"मुद्दे आहेत ना बाबा सगळे," मी म्हटलं.

"मुद्दे असतील. पण बोलणाऱ्याला श्वास कवा घ्यायचा ते लिवलं न्हाय."

आतून त्यांची मुलगी ओरडली, "बाबा, त्या पोरीला शिकवू नको. चाय पी आन गप बस!" ही फिलूमावशी. फिलोमिना. साठीच्या पुढची, आडव्या हाडाची, नवरा गेल्यावर बापाकडे राहायला आलेली. हाताला कायम खवले चिकटलेले. माझ्याकडे पाहून म्हणाली, "तुना माहीत न्हाय वाटतं. मोठा ॲक्टर हाय आमचा. जलमभर दारू प्याला, एक थेंब तोंडात न घेता."

बाबा हसले. नव्वदीला टेकलेले, पण हसले की सिनेमातले दिसायचे. कपाळावर एक बट यायची, पांढरी झालेली.

सिनेमात ते कसे गेले ते त्यांनी मला त्या ओट्यावर अनेकदा सांगितलं, आणि दर वेळी त्यात थोडा वारा जास्त असायचा. देश नुकता स्वतंत्र झालेला. बाबा मिसरूड फुटलेलं पोरगं. चौकवरून किनाऱ्याकिनाऱ्यानं गोराई, मनोरी, मग तरीतून खाडी ओलांडून मालाड. तिथल्या स्टुडिओच्या खानावळीत मासळी पोचवायची आणि तसंच परत यायचं. एक दिवस आत जहाजाचा सेट लागला होता. लाकडी डेक, खाली दोऱ्या, माणसं तो हलवत होती आणि त्याच्यावर शहरातले नट धडाधड पडत होते. मासळीची पाटी डोक्यावर घेऊन बाबा मधूनच पलीकडे चालत गेले. हलत्या डेकवरून. पाटीतलं पाणीसुद्धा सांडलं नाही. पण ते खाली उतरले, तरी पाय काही क्षण तसेच चालत राहिले, होडीवरून उतरल्यावर प्रत्येक कोळ्याचे चालतात तसे. दिग्दर्शकानं तेवढंच पाहिलं.

"अरे, ये लौंडा तो सुबह सुबह पी के आया है!" तो ओरडला आणि सगळा सेट हसला.

"मी बोललो, साब, मैं पिया नहीं. तर अजूनच हसले. त्यांना वाटलं, पिलेला असंच बोलतो." बाबा सांगायचे. "साब बोलला, कल भी ऐसेच पी के आना. झालं. नोकरी लागली."

एका माणसाची चाल दुसऱ्याला समजली नाही, आणि त्या चुकीवर त्या माणसाचं चाळीस वर्षांचं आयुष्य उभं राहिलं. मला हे तेव्हा गमतीचं वाटलं होतं.

काळ्यापांढऱ्या सिनेमापासून रंगीत सिनेमापर्यंत, मुख्य नट म्हातारे होऊन बापाच्या भूमिकेत गेले, त्यांची मुलं नायक झाली, आणि बाबा तिथेच, त्याच खांबाखाली. खांबाला सलाम करायचा. गाईला रस्ता विचारायचा. पुतळ्याशी हुज्जत घालायची. नायक दुःखात असेल तर त्याच्या खांद्यावर हात ठेवून काहीतरी शहाणपणाचं बोलायचं आणि झुलत निघून जायचं. हातातल्या बाटलीत कोरा चहा. तो मात्र गोड लागायचा त्यांना. कुणी बिनसाखरेचा भरला तर शॉट वाईट जायचा म्हणे. संवाद दोन ओळींचे. तेही त्यांचे नव्हते, कारण त्यांच्या हिंदीत चौक ऐकू यायचं. मग शूटिंग झाल्यावर दुसराच माणूस येऊन त्यांच्या ओठांवर आपला आवाज चढवायचा. आणि उचकी? ज्या उचकीवर थिएटर कोसळायचं ती उचकीसुद्धा त्या दुसऱ्याचीच.

"मग तुमचं काय होतं त्यात?" मी एकदा चिडून विचारलं होतं.

बाबांनी पाय पुढे केले. भेगाळलेले, रुंद, बोटं फाकलेली. "हे," म्हणाले.

माझं डोकं तेव्हाही फिरायचं आणि अजून फिरतं. आपल्या सिनेमानं चर्चमध्ये जाणाऱ्या माणसाला काय काय दिलं ते आठवून बघा. बाई असेल तर तोकड्या फ्रॉकमध्ये नाचणारी, पुरुष असेल तर गुत्त्यावाला, नाहीतर पडेल दारुडा. गळ्यात क्रूस, हातात बाटली. पहाटे होडी समुद्रात घालणारा, दुपारी भाताच्या खाचरात राबणारा, रविवारी इस्त्रीचा शर्ट घालून पोरांना हाताशी धरून चर्चमध्ये मिस्साला जाणारा कोळी पडद्यावर कधी आलाच नाही. आला असता तर लोक म्हणाले असते, हा कोण? नव्या देशाला स्वतःकडे बघायला आरसा हवा होता आणि त्या आरशात ज्याला जी जागा दिली ती त्यानं जन्मभर धरून ठेवायची होती. बाबांनी धरून ठेवली. तक्रार केली नाही. तक्रार मी करतेय.

सिनेमा संपायचा, पण बाबांचा दारुडा गावात परत यायचा. फिलूमावशीनं हे मला बोंबील अडकवता अडकवता सांगितलं. हात थांबत नव्हते तिचे. "शाळेत पोरं माझ्या मागं झुलत यायची. मास्तरपण हसायचा. माझं लगीन ठरलं तवा सासरची माणसं घर बघायला आली. सासू पाणी प्यायला म्हणून आत गेली ती मडक्यामागं, खाटंखाली बघत बसली. बाटली कुठं हाय म्हणून! मी बोलले, घे गो शोधून. भेटली तर मना पण दे." ती हसली. मग दोन जोड्या अडकवल्या. "बाप बाहेर बसला होता. सगळं ऐकलं त्यानं. आत येऊन काय बोलला माहीत हाय? बोलला, फिलू, पाहुण्यांना चाय जास्त गोड कर."

त्या हंगामातली एक दुपार मला अख्खी आठवते. ऊन एवढं की वाळूवर पाय ठरत नव्हता. वलांड्यांच्या सावल्या खाली जाळीसारख्या पडलेल्या आणि बाबा त्या जाळीत उभे. मला म्हणाले, "दारुड्याचं काम करून दाखव." मी आपली झुलले, इकडे तिकडे पाय टाकले, जीभ जड केली. बायका पोट धरून हसल्या.

"न्हाय," बाबा म्हणाले. "तू झुलतेस. दारुडा कवा झुलत न्हाय. तो सरळ उभा राहायला बघतो. जमीन झुलते. तू फक्त सरळ उभी राहा, आन जमीन हलते असं धर." आणि त्यांनी दाखवलं. नव्वदीचा माणूस कडक वाळूवर उभा होता आणि मला शपथेवर वाळू हलताना दिसली. पाय फाकलेले, गुडघे सैल, एक खांदा वाऱ्याकडे. लाट आली, त्यांनी ती पायात घेतली, गुडघ्यात जिरवली, मान ताठ. पुढची लाट. चेहऱ्यावर एवढंच की मला पडायचं नाही, लोक बघतायत.

"ही तर होडीवरची चाल आहे," मी म्हटलं.

"तीच. दुसरी मना येत न्हवती."

"पण दारुडे तर गावात किती असतील. कुणाला बघून नाही केलंत?"

वारा पडला होता. बाबा खाली वाळूत बसले. मग म्हणाले, "माझा बाप प्यायचा. पिऊनच होडीवरून गेला. मी होतो होडीवर. लहान होतो. खरं दारुड्याचं काम करायचं तर मना बाप आठवायला पायजे होता. म्हणून मी होडी आठवली." थोड्या वेळानं त्यांनी पुढे जोडलं, "आन म्हणून मी कंदी पडलो न्हाय. सगळी पिच्चर बघ. मोठमोठे दिग्दर्शक बोलले, पडून दाखव, लोक जास्त हसतील. मी न्हाय पडलो. पडणारा माझा बाप होता."

वरसाव्याच्या बाजूच्या एका बंगल्यात मालिकेचं शूटिंग होतं म्हणून म्हातारपणी त्यांना एकदा गाडी पाठवून बोलावलं होतं. दारुडा आजोबा, जिन्यावरून घरंगळतो. बाबांनी पोरगेल्या दिग्दर्शकाला सांगितलं, घरंगळणार नाही, झुलत उतरेन. तो म्हणाला, अंकल, नीचे गद्दा है. बाबा चहा पिऊन परत आले.

खळ्याबद्दल लोकांचं म्हणणं ऐकायला सरकारी सुनावणी लागली, आणि तिथे बोलायचं हे बाबांनी स्वतः ठरवलं. समितीत आधी नको म्हणत होते. वय झालंय, ऊन आहे. बाबा ओट्यावरून म्हणाले, "चाळीस वर्सं दुसऱ्याचा आवाज घेऊन बोललो. एकदा माझ्या आवाजात बोलू दे. शुद्धीत. माझं नाव सांगून." समितीनं त्यांचं नाव नोंदवलं. मी लिहून दिलेलं पानभर भाषण त्यांनी बाजूला सारलं. "दोन ओळींपेक्षा जास्त मना कंदी भेटल्या न्हाय. आता कशाला लोभ?" मग त्यांच्याच तोंडून एकेक शब्द कमी करत आम्ही संवाद तयार केला. मी बस्त्याव, चौकचा. मी शुद्धीत हाय. हे खळं आमच्या आयांचं हाय. आमची मासली हितंच सुकंल.

तो त्यांनी वलांड्यांमध्ये उभं राहून पाठ केला. रोज सकाळी बायका बोंबील टाकायला यायच्या तेव्हा बाबा दोन बांबूंच्या मधे ताठ उभे. "मोठ्यानं, बाबा!" फिलूमावशी लांबून ओरडायची. "मासली म्हणताना तोंड मिटतो तू!"

"मासलीत म हाय, तोंड मिटणारच," बाबा ओरडायचे. बायका हसायच्या. ते हसणं चांगलं होतं.

सुनावणी भाईंदर पश्चिमेला एका सभागृहात, भर दुपारी. बाबांनी जुना कोट घातला होता. काठी घेतली नाही. "काठी घेतली तर म्हातारा दिसतो." चौकच्या बायका मागे बसल्या होत्या, पुढे साहेब मंडळी, मधे कोण कुठले लोक, बाकड्यांना पाठिंबा द्यायला आणलेले. पंखे गरम हवाच फिरवत होते. आमचा नंबर यायला फार वेळ लागला. बाबांना पाणी दिलं तर म्हणाले, शॉटच्या आधी पाणी नको.

नाव पुकारलं. बाबा उठले, चालत पुढे गेले, सरळ चालत. माइकसमोर उभे राहिले. "मी बस्त्याव, चौकचा," म्हणाले. स्वच्छ आवाज. सभागृहाच्या टोकापर्यंत गेला. आणि मधल्या रांगेतून कुणीतरी ओरडलं, "अरे, ये तो वो है! वो शराबी!"

सुनावणी टिपणारा एक फोन आधीपासून चालू होता, आता बाकीचेही वर झाले. साहेबांनीही मान वर केली आणि त्यांच्या चेहऱ्यावर लहानपणीचं थिएटर आलं. बाबा थांबले, गर्दी शांत व्हायची वाट बघितली, नटाला सवय असते तशी. मग, "मी शुद्धीत हाय." लोक फुटले. एवढं हसू मी कुठल्या सभेत ऐकलेलं नाही. कुणीतरी उचकी काढली. आणि तेव्हाच बाबांचा डावा खांदा खाली गेला. ते झुलले. माइकचा दांडा धरला, माइक किंचाळला. सरळ झाले. परत झुलले. टाळ्या. शिट्ट्या. "वन्स मोअर, चाचा!" खरं सांगायचं तर मागे बसलेली आमची चौकची माणसंही क्षणभर हसली. वाटलं, म्हाताऱ्यानं काहीतरी डाव टाकलाय.

फिलूमावशी तेवढी हसली नाही. ती खुर्च्या ढकलत धावली. ती पोचेपर्यंत बाबा उभे होते. पाय फाकलेले, गुडघे सैल, मान ताठ. अर्धं शरीर साथ सोडत होतं आणि ते जमिनीला धरून उभे होते. तिनं कवेत घेतल्यावरच त्यांनी भार टाकला. पडले नाहीत. आणि सुनावणीच्या शेवटी आभार मानताना समोरच्या साहेबांपैकी एक जण माइकवरून हसत म्हणाला की एका ज्येष्ठ कलावंतानं आजचं वातावरण जरा हलकं केलं, त्यांचेही आभार. आम्ही तेव्हा दवाखान्यात होतो. मला नंतर कळलं. बरं झालं नंतर कळलं.

मेंदूतली रक्ताची गाठ, डॉक्टर म्हणाले. आवाज गेला. ओठ हलायचे, बाहेर काही यायचं नाही. त्यानंतरचे दिवस मला वासासकट आठवतात: औषधांचा, चहाचा, आणि खिडकीतून येणाऱ्या बोंबलांचा. मृतांच्या दिवशी गावानं कबरस्तानात मेणबत्त्या लावल्या, तेव्हा बाबांनी खाटेवरूनच ओठांनी प्रार्थना केली. फिलूमावशी त्यांच्या तोंडाशी तोंड नेऊन बघत बसायची आणि मग आम्हाला सांगायची, पाणी मागतोय. उशी वर कर बोलतोय. समोरच्या पोराला शिव्या देतोय, क्रिकेट हळू खेळ म्हणून. मला त्या ओठांतलं काहीच कळायचं नाही. तिला सगळं कळायचं. एकदा त्यांनी माझ्याकडे बघून ओठ हलवले. मावशी म्हणाली, "विचारतो, माझा डायलॉग झाला काय?"

मी हो म्हटलं. झाला बाबा, पूर्ण झाला. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी खिडकीकडे वळले. नट होते ते. खोटं काम त्यांना लगेच दिसायचं.

घराघरांवर कागदी तारे लागायला लागले आणि नाताळच्या आधी बाबा गेले. त्यांच्या बातमीबरोबर एका ठिकाणी फोटो छापून आला, हातात बाटली घेतलेला.

खळं अर्धं गेलं. फरशी आली, दिवे आले. तीन दिवे लगेच बंद पडले ते आजही बंद आहेत. बाकडी समुद्राकडे तोंड करून बसवली आहेत, पण वलांड्या त्यांच्या अगदी पाठीला लागून. त्यामुळे बाकड्यावर बसलेला माणूस समुद्र बघतो आणि नाकाला रुमाल लावतो. उरलेल्या अर्ध्या भागासाठी यंदा परत सुनावणी आहे. परवा त्याचीच पत्रकं घेऊन मी त्या बसमध्ये बसले होते.

फिलूमावशी खळ्यावरच होती. आता तीही थोडी वाकलीय. मी बसले, पत्रकांचा गठ्ठा दगडाखाली ठेवला. ती बोंबील अडकवत म्हणाली, "फोनमधी ते फिरतंय ना परत? पोरं बोलली मना."

"जाऊ दे मावशी. मी ग्रुपवर दिलंय उत्तर."

"दाखव."

"नको ना. कशाला?"

"एवढी वर्सं बघितलं न्हाय मी. सगळ्या गावानं बघितलं, सगळ्या भाईंदरनं बघितलं. माझा बाप हाय, दाखव मना." तिनं हात लुगड्याला पुसले. "आन ते हसणं बंद कर त्यातलं."

मी आवाज बंद केला आणि फोन तिच्यासमोर धरला. उन्हात नीट दिसेना, म्हणून तिनं पदराची सावली केली. तिथे बाबा उभे राहिले. कोट, पांढरी बट. ओठ हलले. झुलले. दांडा धरला. मी इतक्या वेळा हे पाहिलंय की नजर आपोआप गर्दीवर जाते, कोण हसतंय त्यांच्यावर. मावशी गर्दीकडे बघतच नव्हती. खाटेशी बसून बापाचे ओठ ती जेवढ्या जवळून बघायची, तेवढ्याच जवळ तिनं फोन आणला होता.

"परत लाव," ती म्हणाली.

परत लावला.

"थांब. हितं बघ. झुलल्यावर." तिचा खवल्यांचा अंगठा बाबांच्या तोंडाखाली टेकला. "बोलतोय तो."

"काय?"

"बोलतोय गो अजून. थांबला न्हाय. हे बघ, आयांचं. आयांचं हाय. आन हितं तोंड मिटलं, बघ." बाबांचे ओठ एकदा मिटले. एक बाजू ओघळलेली, तरी मिटले. लगेच परत. "आमची मासली."

मी इतकी वर्षं समजत होते की लोकांनी त्यांना दुसऱ्या वाक्यावरच संपवलं. माइक किंचाळत होता, लोक वन्स मोअर म्हणत होते, अर्धं अंग लुळं पडत होतं, आणि बाबा त्या सगळ्यात आपला संवाद शेवटपर्यंत म्हणून मोकळे झाले होते. शॉट पूर्ण केल्याशिवाय नट जागा सोडत नाही, तसे. ऐकलं कुणीच नाही. मीही नाही.

"परत लाव," मावशी म्हणाली, आणि उठून उभी राहिली.

या वेळी तिनं वाट बघितली. पडद्यावर बाबांचे ओठ हलले आणि त्यांच्यावर तिनं आपला आवाज ठेवला. मोठ्यानं. तिच्या बापाला ती लांबून ओरडून सांगायची तेवढ्या मोठ्यानं. "मी बस्त्याव, चौकचा." ती थांबली, कारण बाबा थांबले होते. "मी शुद्धीत हाय." बाबा झुलले, तिचा आवाज झुलला नाही. "हे खळं आमच्या आयांचं हाय. आमची मासली हितंच सुकंल."

समोरच्या बाकड्यावरचा माणूस दचकून मागे वळला. नाकावरचा रुमाल खाली आला होता. "क्या हुआ, आंटी? कौन बोला?"

मावशीनं टोपलीतून दोन बोंबील उचलले, एकाचा जबडा दुसऱ्यात अडकवला आणि दोरीवर टाकले.

"कुछ नहीं," ती म्हणाली. "मेरा बाप बोलता है."